मालकीणबाईंची दुभाषी

मला जर्मन येतं, ही बातमी मी त्या काळी नव्याने भेटलेल्या प्रत्येक माणसाला पहिल्या पाच मिनिटांत देत असे. कोणी विचारायची वाट बघत नसे. आता सत्तरी उलटल्यावर त्या सत्तावीस वर्षांच्या बाईकडे बघते, तेव्हा तिची वेणी धरून तिला बाजूला घ्यावंसं वाटतं आणि सांगावंसं वाटतं, अगं बाई, जरा गप्प बस. पण ती ऐकणाऱ्यातली नव्हती.

पुण्यात आमच्यासारख्या घरांतल्या मुली तेव्हा गाणं शिकत, नाहीतर जर्मन. माझा आवाज ऐकून गाण्याच्या बाईंनीच मला जर्मनकडे वळवलं. संध्याकाळी सायकल मारत क्लासला जायचं, वहीत डर-डी-डास ही जर्मनची तिन्ही लिंगं घोकायची आणि घरी येऊन भावांवर रुबाब करायचा. आमच्या पुस्तकात एक नीटनेटकं जर्मन कुटुंब होतं. ते बेकरीत पाव घ्यायचं, रविवारी डोंगरावर फिरायला जायचं, नाताळात झाड सजवायचं. त्या बेकरीशेजारचं दुकान आधी कोणाचं होतं, हे पुस्तकात नव्हतं, आणि मला ते विचारायचं सुचलंही नाही. आमच्या एका काकांना तर त्या मिशीवाल्याचं भारी कौतुक. "काही म्हणा, माणूस शिस्तीचा होता हो," असं ते वरणभात कालवता कालवता म्हणायचे, आणि पंगतीत कोणी ब्र काढायचं नाही. मीही काढला नाही. मला मठ्ठा हवा होता.

लग्न होऊन मी अमेरिकेत, पेनसिल्व्हेनियातल्या स्टेट कॉलेज नावाच्या गावी आले ती ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला. आमच्या ह्यांची पीएचडी चालली होती. माझ्या व्हिसावर नोकरीची परवानगी नव्हती, त्यामुळे माझं जर्मन लग्नात मिळालेल्या चांदीच्या ताटासारखं कपाटात पडून होतं. काढावं असा प्रसंगच येत नव्हता.

आम्ही एका लाकडी घराच्या खालच्या मजल्यावर भाड्याने राहत होतो. वर मालकीणबाई एकट्या. दोन्ही मजल्यांना मिळून एक पुढचं दार, एक जिना आणि तळघरात एक वॉशिंग मशीन. बाई साठीच्या आसपास. आखूड पांढरे केस, जाड तळाचे बूट, शाळेच्या ग्रंथालयातून निवृत्त झालेल्या. नवरा वारला होता, मुलगी कॅलिफोर्नियात. इंग्रजी असं बोलायच्या की प्रत्येक शब्द इस्त्री करून बाहेर आलाय. फक्त 'र' घशातून यायचा. त्या भागात जुन्या जर्मन वस्तीतले लोक पुष्कळ, त्यांना सगळे पेनसिल्व्हेनिया डच म्हणत. बाईही त्यातल्याच असतील असं गावाने धरून चाललं होतं आणि बाईंनी ते खोडून काढलं नव्हतं.

मी मात्र तो 'र' ऐकला आणि माझे कान टवकारले. पहिल्याच हिवाळ्यात त्या दारापुढचा बर्फ फावड्याने ओढत होत्या. मी शालीवर स्वेटर, स्वेटरवर ह्यांचा कोट अशा अवतारात बाहेर आले आणि खणखणीत आवाजात जर्मनमधून त्यांना सुप्रभात म्हटलं. वर, आज हवा किती सुंदर आहे, असंही ठोकून दिलं.

बाईंनी फावडं बर्फात रोवलं. माझ्याकडे बघितलं. म्हणाल्या, "या घरात इंग्रजी बोलायचं."

मी घरात येऊन ह्यांना म्हटलं, "माझं व्याकरण चुकलं की काय?"

"हवा सुंदर आहे म्हणालीस?" ह्यांनी खिडकीतून बाहेर बघितलं. "शून्याखाली आहे."

दोन दिवस मी वही काढून ते वाक्य तपासत होते. वाक्य बरोबर होतं. मग मी ठरवलं की बाई आखडू आहेत, आपल्या पुण्याच्या जर्मनला हसतात. माझी धाव तिथपर्यंतच.

बाईंनी मला खरं काय ते सांगितलं पुढच्या वसंतात, तळघरात, चादरींच्या घड्या घालताना. चादरीचं एक टोक त्यांच्या हातात, एक माझ्या. घडी घालायला आम्ही एकमेकींजवळ यायचो आणि परत लांब जायचो. लांब गेल्यावर त्या एक वाक्य बोलायच्या.

त्या ज्यू. जर्मनीतल्या एका लहानशा गावातल्या. वडिलांचं कापडाचं दुकान होतं. ते गेले, मग दुकान गेलं. दुकानाबाहेर तपकिरी शर्टातली नाझी पोरं उभी राहायची आणि गिऱ्हाइकं रस्ता ओलांडून पलीकडून जायची. रोज येणारी गिऱ्हाइकं. त्यांना शाळेतून काढलं. सोळाव्या वर्षी आईने त्यांना एका इंग्रज घरी मोलकरणीच्या कामावर पाठवलं, कारण फक्त मुलीचेच कागद झाले होते.

"स्टेशनवर आई म्हणाली, मागे वळून बघू नकोस, दोघींनाही त्रास होईल. मी बघितलं नाही. फार शहाणी मुलगी होते मी."

युद्ध सुरू झालं. आईला गावातून उचललं, गाडीत बसवून पूर्वेला नेलं. पुढचं काहीच कोणाला सांगता आलं नाही. बाई इंग्लंडहून अमेरिकेत आल्या, लग्न केलं, मुलगी झाली, आणि एवढ्या वर्षांत जर्मनचा एक शब्द त्यांनी तोंडातून काढला नाही. मुलीलाही शिकवला नाही.

"झोपेतसुद्धा नाही?" मी विचारलं. बघा, काय प्रश्न.

"नवरा म्हणायचा, झोपेत मी बोलतच नाही."

मी माझं टोक त्यांच्या हातात दिलं. काकांच्या पंगतीतला माझा तो मठ्ठा कुठून कसा आठवला कोण जाणे. मी तो गिळला आणि म्हटलं, "कुठलं गाव?" त्यांनी सांगितलं. आता हे गाव मी डोक्यात का ठेवलं, तर ती आमची खोड. त्या काळी अमेरिकेत कुठल्याही गावात मराठी माणूस उतरला की पहिल्यांदा फोनबुक उघडायचा आणि जोशी, देशपांडे, गायकवाड शोधायचा. सापडला की फोन, फोन झाला की जेवायला. मी एकदा अशाच एका कुलकर्ण्यांना बोलावलं. ते धारवाडचे कन्नड निघाले, पण येऊन पोटभर जेवून गेले. आणि कोणी गाववाला भेटला तर विचारूच नका. विद्यापीठात नागपूरकडून आलेला एक बौद्ध विद्यार्थी होता. बोलता बोलता कळलं की त्याच्या आजोबांचं गाव आणि आमच्या ह्यांचं गाव एकच. मी आनंदाने टाळ्याच पिटल्या. "अय्या, म्हणजे तुम्ही आमचे गाववालेच!"

तो हसला. म्हणाला, "वहिनी, गाव तेच. विहीर वेगळी."

मी "हो का!" म्हटलं आणि त्याला आणखी भात वाढला.

तर अशी मी. त्यानंतर वर्षभराने असेल, विद्यापीठाच्या बसमध्ये पुढे एक उंच, वयस्क बाई ड्रायव्हरशी हुज्जत घालत होती. तिच्या तळहातावर चिल्लर होती आणि ती जर्मनमधून विचारत होती की यातलं कुठलं नाणं. ड्रायव्हर तेच तेच इंग्रजी वाक्य दर वेळी थोडं मोठ्याने म्हणत होता. चांदीचं ताट कपाटातून काढायची वेळ आली होती. मी उठले, दोघांच्या मध्ये गेले आणि सगळ्या बसला ऐकू जाईल अशा बेताने भाषांतर केलं. साडी नेसलेली बाई जर्मन बोलते म्हणून मागची पोरं माना उंचावून बघत होती. मला तेच हवं होतं.

ती माझ्या शेजारी येऊन बसली. तिचा जावई वर्षभरासाठी विद्यापीठात संशोधनाला आला होता आणि ती लेकीकडे राहायला आली होती. इंग्रजी येत नव्हतं. मी पुण्याची, जर्मन कसं शिकले, सगळं सांगून घेतलं आणि मग विचारलं, "तुम्ही कुठल्या?"

तिने गावाचं नाव सांगितलं.

"अय्या!" हे मी मराठीतच म्हटलं. मग जर्मनमध्ये, "आमच्या मालकीणबाई तिथल्याच! सोळाव्या वर्षी इंग्लंडला गेल्या होत्या. वडिलांचं कापडाचं दुकान होतं!"

त्या बाईच्या चेहऱ्यातलं सगळं रक्त उतरलं. मला वाटलं बस लागली. तिने माझं मनगट धरलं. "तिची आई," ती म्हणाली, "सकाळी जिन्यात बसून वेण्या घालायची का? दोन मुलींच्या?"

ते मला माहीत नव्हतं. ती म्हणाली, दुसरी मुलगी मी. खालच्या मजल्यावरची. मैत्रीण पेनसिल्व्हेनियात आहे एवढं तिला युद्धानंतर कोणाकडून तरी कळलं होतं. जावयाला इथे बोलावणं आलं तेव्हा म्हणूनच ती हट्टाने बरोबर आली. पेनसिल्व्हेनिया म्हणजे एखादं शहर असेल, विचारलं की कोणीतरी घर दाखवेल, असं तिला वाटलं होतं. मी तिला हसले नाही, कारण न्यू जर्सीबद्दल माझीही तशीच समजूत होती.

मी घरी गेले ती पळतच. माझ्या डोळ्यांपुढे चित्र तयार होतं. माहेरची मैत्रीण चाळीस-पंचेचाळीस वर्षांनी भेटते, दोघी गळ्यात पडतात, आणि बाजूला लाडवाचं ताट घेऊन मी उभी. खरंच, बेसन भाजायलाही घेतलं होतं मी, मालकीणबाईंना सांगायच्या आधी.

सांगितलं तेव्हा बाई ओटा पुसत होत्या. त्या पुसतच राहिल्या. मग म्हणाल्या, "तिचं लग्नाआधीचं नाव काय?" मी सांगितलं. त्या बाहेर आल्या आणि जिन्याच्या पायरीवर बसल्या. कपडा हातातच.

"शाळेत तिने माझ्या शेजारी बसणं बंद केलं," त्या म्हणाल्या. "सगळ्यांनीच केलं होतं. पण जिन्यात एकटी भेटली की माझा हात हळूच दाबायची. एकदाच. पटकन." मग म्हणाल्या, "मी निघाले तेव्हा तिच्या आईने माझ्या आईला शब्द दिला होता. काहीही झालं तर खाली आमच्याकडे ये, दार ठोठाव. त्या शब्दावर मी गाडीत बसले."

मी दोन पायऱ्या खाली बसले.

"मला तिला एकच विचारायचंय. आईला न्यायला आले त्या दिवशी आईने त्यांचं दार ठोठावलं का. आणि मला उत्तर 'नाही' हवंय."

"नाही?"

"नाही ठोठावलं, तर ते दार उघडलं असतं असं समजून ती गेली. तेवढं तरी तिच्याजवळ होतं." त्यांनी कपडा झटकून त्याची घडी घातली. "बोलाव तिला. तुझ्याकडे. माझ्या खोल्यांत ती भाषा नको. तू मधे बसायचंस. मी इंग्रजी बोलणार, ती काय बोलायचं ते बोलू दे, आणि तू मला सगळं इंग्रजीत सांगायचं."

"पण तुम्हाला तर तिचं सगळं समजेल!"

"समजेल," बाई म्हणाल्या. "पण मला कोणी सांगितलं असं होणार नाही."

ते तेव्हा माझ्या डोक्यावरून गेलं. मी मान डोलावली आणि लाडू वळायला गेले.

रविवारी दुपारी ती आली. ह्यांना मी लायब्ररीत पिटाळलं होतं. पाहुणीने तपकिरी कोट घातला होता आणि प्लमचा केक आणला होता, तिच्या गावच्या पद्धतीचा, चौकोनी कापलेला. मालकीणबाई आधीच टेबलाच्या टोकाला येऊन बसल्या होत्या. पाहुणीने दारातूनच त्यांना एका लहानशा लाडक्या नावाने हाक मारली. गळ्यात पडणं वगैरे झालं नाही. बाईंनी माझ्याकडे बघितलं.

"काय म्हणाली?"

"तुमचं नाव घेतलं."

"ते माझं नाव नाही. बसायला सांग."

मी मधे बसले. कॉफी ओतली. माझ्या लग्नातला कपबशांचा सेट काढला होता, कडेला सोनेरी रेघ असलेला. बाईंनी केककडे एकदा बघितलं आणि ती बशी दोन बोटांनी माझ्याकडे सरकवली. मग त्यांनी माझा एक लाडू उचलला, पण खाल्ला नाही. तळहातावर धरून बसल्या.

पाहुणी बोलायला लागली. थांबेचना. गाव आता किती बदललंय, दुकानाच्या जागी काय आलंय, पुलावर बॉम्ब पडला तेव्हा काय झालं, तिचा भाऊ रशियातून परत आलाच नाही. मी भाषांतर करत होते. आणि खरं सांगते, सुरुवातीची पाच मिनिटं मी मनातून खूश होते. केवढे शब्द आठवत होते मला! मग ती म्हणाली, "आम्हाला काही माहीत नव्हतं. त्यांना कुठे नेतात, काय करतात, काहीच माहीत नव्हतं." मी ते इंग्रजीत सांगितलं.

"तिला सांग," बाई म्हणाल्या, "तिला माहीत नव्हतं ते मला नकोय. तिला जे माहीत आहे ते विचारायचंय. आईला न्यायला आले त्या दिवशी तिने यांचं दार ठोठावलं का?"

मी विचारलं. विचारता विचारता पाहुणीच्या चेहऱ्याकडे बघून मला कळलं की हा प्रश्न तिला जर्मनमध्ये यायच्या आधीच पोचलाय. त्या दोघींना माझी गरजच नव्हती. मी तिथे भिंतीसारखी होते. समोरासमोर बसायला त्यांना मधे काहीतरी लागत होतं.

पाहुणी माझ्याकडे बघून बोलली. हळू, शाळेत बोलतात तसं स्वच्छ जर्मन, माझ्यासाठी. हो. ठोठावलं. सकाळ होती. आम्ही सगळे घरातच होतो, नाश्ता चालला होता. वर न्यायला आलेल्यांच्या बुटांचे आवाज झाले तेव्हाच आम्हाला कळलं होतं. मग तिच्या आईची पावलं खाली आली आणि दार वाजलं. माझ्या आईने बोट ओठांवर ठेवलं. वडील ताटाकडे बघत राहिले. मी उठले, दारापर्यंत गेले. बूट हातात घेतले होते, वाजू नयेत म्हणून. मी कडीला हात लावला. आई माझ्याकडे बघत होती. मी कडी काढली नाही. तिने परत ठोठावलं. माझ्या आईला हाक नाही मारली. मला मारली.

आता हे ऐका. आमच्याकडे मरणाची बातमी कोणी सरळ देत नाही. आदल्याच वर्षी माझी आई गेली, तेव्हा भावाने फोनवर सांगितलं होतं, "आईला जरा बरं नाहीये, जमलं तर निघून ये." त्या 'जरा'वरूनच मी काय ते ओळखलं. आणि तरी विमानात अख्खा अटलांटिक ओलांडेपर्यंत मी त्या 'जरा'लाच धरून बसले होते. तो 'जरा' नसता तर मी त्या खुर्चीत बसूच शकले नसते. घरातल्या बायकांनी पिढ्यान्‌पिढ्या एकमेकींना असंच सांभाळून घेतलेलं. मला दुसरं काही येत नव्हतं.

म्हणून मी मालकीणबाईंकडे वळले आणि म्हटलं, "ती म्हणते, तिला नीटसं आठवत नाही. बहुतेक ते त्या दिवशी घरी नसावेत."

पाहुणीला इंग्रजी येत नव्हतं. तिने आशेने बाईंकडे बघितलं. बाईंनी माझ्याकडे.

"तुला जर्मन कितपत येतं?" बाईंनी विचारलं.

"चांगलं येतं," मी म्हटलं. "डिस्टिंक्शन होतं मला."

हो. त्या क्षणीसुद्धा माझ्या तोंडून डिस्टिंक्शन निघालं.

"मग ती काय म्हणाली ते सांग. मला नवरा मिळाला तो इंग्रजीत. मुलगी झाली ती इंग्रजीत. तो गेला तेव्हा डॉक्टरने इंग्रजीत सांगितलं. माझं जे काही झालं ते या भाषेत झालं. माझी आई मात्र अजून तिकडेच आहे, त्या भाषेत, त्या जिन्यात. तिला इकडे आण. सगळं सांग. काही गाळू नकोस."

मी सांगितलं. नाश्ता सांगितला, ओठांवरचं बोट सांगितलं, हातातले बूट सांगितले. कडी सांगताना इंग्रजी शब्द आठवेना. बाईंनीच तो मला दिला. हाक कोणाला मारली तेही सांगितलं. बाईंचा चेहरा हलला नाही. लाडू मात्र मुठीत चुरून बेसन टेबलावर सांडत होतं.

"तिला विचार, आई काय म्हणाली. नेमके शब्द."

पाहुणीने मान हलवली. नको म्हणाली. कॉफीवर साय धरली.

मग पाहुणी बोलली. एकच वाक्य. पण ते तिचं नेहमीचं जर्मन नव्हतं, आणि आवाजही तिचा नव्हता. बारीक, जरा वरच्या पट्टीतला, शेजाऱ्यांकडे वाटीभर साखर मागताना काढतो तसा मर्यादशील आवाज. गावाकडची बोली होती. मला त्यातलं पाहुणीचं लाडकं नाव कळलं, आणि पुढे एक अक्षर कळलं नाही. पुण्यातलं डिस्टिंक्शन तिथे संपलं.

मी बाईंकडे वळले. "मला... मला हे समजलं नाही."

"नाही समजणार," बाई म्हणाल्या. त्यांनी हात झटकला, खुर्ची मागे सारली, आणि जिना चढून वर गेल्या.

पाहुणी रडत म्हणाली, "तिला विचारा ना, आता मी काय करू?" विचारायला समोर कोणी नव्हतं. आणि मी काय केलं असेल? मी लाडवांची बशी तिच्यापुढे धरली. म्हटलं, "घ्या ना, एक तरी घ्या." माणूस घरातून तसंच जाऊ नये, एवढंच हाताला माहीत होतं. तिने एक लाडू घेतला आणि कागदात न गुंडाळता पर्समध्ये टाकला.

त्या संध्याकाळी मी भाजी फोडणीला टाकत होते आणि वरून आवाज आला. बाईंच्या स्वयंपाकघरातून. तेच वाक्य. वरच्या खोल्यांत पहिल्यांदाच ती भाषा. बाई ते म्हणत होत्या, थांबत होत्या, परत म्हणत होत्या. कधी वरच्या पट्टीत, कधी खाली, कधी नुसतं नाव, कधी शेवटचे दोन शब्द. जणू एखादी हरवलेली चाल लावून बघतात. मी गॅस बंद केला. हे काही बोलायला लागले तसं त्यांना हाताने गप्प केलं. अर्थ कळत नसताना मला ते वाक्य पाठ झालं.

सकाळी बाई खाली आल्या. डोळे सुजलेले, केस विंचरलेले.

"मला येत नाही," त्या म्हणाल्या. "काल तिच्या तोंडून आईचा आवाज आला. मी ऐकला. मला तो काढता येत नाही. चाळीस वर्षं मी भाषा बंद ठेवली, त्यात तोही गेला. तिच्याकडे आहे." मग अगदी कोरडेपणाने, भाड्याचं बोलावं तसं, "तिला परत बोलाव. मी वर दार लावून आत थांबेन. तिने जिना चढून यायचं, दार ठोठावायचं, आणि म्हणायचं."

पाहुणी आली ती मंगळवारी. मी तिला दारातच सगळं सांगितलं. ती म्हणाली, मी हे करू शकत नाही. मी म्हटलं, नका करू. दोन्ही वाक्यं मनापासूनची होती, तिचंही आणि माझंही. ती कठड्याला धरून उभी राहिली. मग तिने कोटाची बटणं लावली आणि वर चढायला लागली. मी खालच्या पायरीशी थांबले.

तिने ठोठावलं. आत काही हललं नाही. तिने परत ठोठावलं, हलकेच, आणि तो बारीक आवाज काढून ते वाक्य म्हटलं.

कडी निघाली. दार उघडलं.

मालकीणबाई उंबऱ्यात आल्या. त्यांनी केस नीट वेणीत घालायचा प्रयत्न केलेला होता. एवढ्या आखूड केसांची कसली वेणी होणार, दोन्ही बाजूंना नुसते आकडे लावलेले. त्या पाहुणीकडे बघतच नव्हत्या. तिच्या खांद्यावरून मागे, जिन्यात बघत होत्या. एकेक पायरी करत त्यांची नजर माझ्यापर्यंत खाली आली, माझ्यावरून पुढच्या दारापर्यंत गेली आणि परत वर गेली. पाहुणीने हात पुढे केला. तो तसाच राहिला.

"तिला सांग," बाई मला इंग्रजीत म्हणाल्या, "आता जा."

मी सांगितलं. तेवढंच, जसंच्या तसं.

पाहुणी कठडा धरून खाली आली, माझ्या शेजारून गेली, आणि रस्त्याला लागली. मी वर बघितलं. बाई आत गेल्या होत्या, पण दार त्यांनी लावलं नव्हतं. मी घरात आले, कणीक मळली. हे आले, जेवले. मी मधेमधे जिन्यात जाऊन बघत होते. दार उघडंच होतं.